आमची वाटचाल: सात महिने उरलेलं कंत्राट

पंप चालवणं आणि दुरुस्त करणं हा आमचा धंदा. दोघांनी सुरू केलेलं काम चौदा माणसांपर्यंत गेलं, ते एका सरकारी संस्थेच्या दोन वर्षांच्या देखभाल कंत्राटामुळे. सात महिने उरले असताना ते रद्द केल्याचं पत्र आलं. आधी कारणे दाखवा नोटीस नाही, काही नाही. वर शेवटी एक ओळ: पुढची दोन वर्षं निविदा भरायला बंदी.

घटनेच्या कलम 226 खाली उच्च न्यायालयात गेलो. करारात लवादाचं (वाद कोर्टाऐवजी तटस्थ पंचाकडे नेण्याचं) कलम आहे, न्यायालय काम सहसा परत देत नाही, नुकसानभरपाई मागा म्हणतं, हे वकिलांनी तेव्हाच सांगितलं होतं. मला भरपाई नको होती, काम हवं होतं.

स्थगिती मिळाली नाही. आमचं प्रकरण त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत लागायचं आणि पुढची तारीख घेऊन परतायचं. आमच्या पंपांवर दुसऱ्याची माणसं आली. सुनावणी झाली तोवर कंत्राटाची मूळ मुदतच संपली होती. समोरचे वकील उठून एवढंच म्हणाले, ‘याचिका आता निष्फळ आहे.’ चूक कोणाची, हा विषयच निघाला नाही.

आमचे वकील अडून राहिले. कंत्राट संपलं, पण बंदी चालू आहे, म्हणजे तेवढा वाद जिवंत आहे. बाजू ऐकल्याशिवाय काळ्या यादीत टाकता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच सांगितलंय. बंदी उठली. बाकीच्यासाठी ‘लवादाचा मार्ग खुला’ एवढं त्यांनी आदेशात नोंदवून घेतलं.

लवादात दावा करायची तीन वर्षांची मुदत मी आदेशापासून मोजत होतो. वकील म्हणाले, रद्दपत्राच्या तारखेपासून धरा, याचिकेतला वेळ वजा मिळेल या भरवशावर राहू नका. 1996 च्या लवाद कायद्यानुसार वाद लवादाकडे नेण्याची नोटीस समोरच्याला पोचते त्या दिवशी लवाद सुरू झाला असं धरतात. ती पोचपावती फाइलमध्ये सगळ्यात वर आहे.

अडकलेली बिलं, अनामत, बुडालेला नफा, असा दावा आहे. नफ्याच्या पुराव्याला पंपांची लॉगबुकं कामी येताहेत. रागाच्या भरात मी ती रद्दीत घालणार होतो, बायकोने लपवून ठेवली.

निविदेच्या अर्जात ‘पूर्वी कंत्राट रद्द झालं आहे का?’ असा रकाना असतो. तिथे ‘होय’ लिहितो आणि आदेशाची प्रत जोडतो.