सहाव्या मिनिटाची वाळू

बोअरच्या पाण्यातून वाळू येते म्हणून बोलावणाऱ्या बहुतेकांना माझ्याकडून फिल्टर हवा असतो. त्या दिवशी ज्या घरी गेलो, तिथे फिल्टरांची कमतरता नव्हती. टाकीतून घरात येणाऱ्या पाइपवर धुता येणारा जाळीचा फिल्टर, त्यापुढे धाग्याची कार्ट्रिज आणि शिवाय एक महागडा सँड सेपरेटर, असा सगळा सरंजाम होता. तरीही वॉशिंग मशीनच्या पाइपची जाळी तुंबत होती, नळांचे वॉशर झिजत होते आणि कार्ट्रिज गच्च भरली की वरच्या मजल्यावर पाणी चढत नव्हते.

सेपरेटर वाया का जात होता, हे पाहताक्षणी कळले. त्यात पाणी वेगाने गोल फिरले तरच जड कण कडेला फेकले जाऊन तळाच्या भांड्यात उतरतात. एकच नळ अर्धवट उघडल्यावर पाण्याला तेवढा वेग येत नाही आणि वाळू पाण्यासोबत सरळ पुढे जाते. पण त्याची जागा बदलण्याआधी, वाळू मुळात केव्हा आणि किती येते, हे मला पाहायचे होते.

पंपाचा पाइप टाकीपाशी सोडवून मी दर दोन मिनिटांनी काचेची एकेक बरणी भरू लागलो. पहिल्या बरणीत चिमूटभर वाळू आली, कारण पंप बंद असताना उभ्या पाइपातली वाळू खाली बसून राहते. पुढच्या बरण्या स्वच्छ निघाल्या. सहाव्या मिनिटाच्या बरणीत मात्र बोटाच्या पेराएवढा पिवळसर थर बघता बघता तळाशी बसला आणि वरचे पाणी नितळ राहिले. 0.1 मिलिमीटरचा कण स्थिर पाण्यात सेकंदाला साधारण 8 मिलिमीटर खाली जातो. चिकणमाती असती तर बरणी तासन्‌तास गढूळ राहिली असती. म्हणजे ही निखळ वाळूच होती.

मग घरमालकांकडून कळले की, टाकी लवकर भरावी म्हणून वर्षापूर्वी अधिक ताकदीचा पंप बसवला होता. सुरुवातीला पंप बोअरमध्ये साठलेले पाणी उचलतो. ते ओसरून पातळी खाली गेली की भोवतालच्या थरातले पाणी केसिंगच्या, म्हणजे बोअरच्या भिंतीला आधार देणाऱ्या पाइपच्या, फटींतून जोराने आत शिरते आणि वाळूचे कण ओढून आणते. सहा मिनिटांचे कोडे तिथे सुटले. बोअरच्या तोंडाशी, पंपाच्या पाइपवर, प्रवाह कमी-जास्त करणारा गेट व्हॉल्व्ह होताच. तो आवळत गेलो, तसतसा बरणीतला थर पातळ होत शेवटी मोजक्या कणांवर आला.

“अहो, मोठा पंप घेतला तो व्हॉल्व्ह आवळून चालवायला का?” मालकांचा प्रश्न रास्त होता. जुनी खरेदी झाकण्यासाठी नवे यंत्र विकण्यापेक्षा हे ऐकून घेणे मला परवडते. व्हॉल्व्ह फार आवळूनही चालत नाही, कारण सबमर्सिबलची, म्हणजे बोअरच्या पाण्यात बुडून चालणाऱ्या पंपाची, मोटर तिच्या अंगावरून वाहणाऱ्या पाण्यानेच थंड राहते. पुढे पंप बदलायची वेळ येईल, तेव्हा बोअरला झेपेल एवढाच घ्यावा, असे मी सांगितले.

ती वेळ फार लांब नव्हती. पंप वर काढला, तेव्हा इंपेलरच्या, म्हणजे पाणी ढकलणाऱ्या फिरत्या चकत्यांच्या, कडा नखाला टोचतील इतक्या पातळ झालेल्या दिसल्या. वजन बांधून सोडलेली दोरी मूळ खोलीच्या बरीच वर टेकली. तळाशी वाळूची भर साचली होती आणि पंप जवळजवळ तिच्यावरच लोंबत होता. तो दोन पाइपांच्या लांबीइतका वर घेतला. उपसा कमी केल्यामुळे पातळी आता तेवढी खाली जात नव्हती, म्हणूनच हे शक्य झाले. पंप आणि टाकी यांमधल्या पाइपात प्रवाह एकसारखा असतो, म्हणून तिथे कमी झालेल्या प्रवाहाच्या मापाचा लहान सेपरेटर बसवला. जाळीचा फिल्टर होता तसाच ठेवला.

तळातली भर कॉम्प्रेसरने उपसून टाकावी, असा मालकांचा आग्रह होता. केसिंग जुने असल्यामुळे हवेच्या जोराने ते फुटेल, या भीतीने मी त्याला तयार झालो नाही. काही महिन्यांनी दोरी पुन्हा सोडून खोली मोजायची आणि भर वाढतच असेल, तर केसिंगच्या आत बारीक फटींचा, कमी व्यासाचा पाइप उतरवायचा, असे ठरले.