पीट पॉसलथ्वेट: दोन बाप आणि एक बँडमास्तर

लिव्हरपूलच्या होप स्ट्रीटवर एव्हरीमन थिएटर आहे. २०१४ साली उघडलेल्या त्याच्या नव्या इमारतीच्या दर्शनी भागावर शहरातल्या १०५ सर्वसामान्य माणसांच्या पूर्णाकृती प्रतिमा धातूच्या झडपांवर कोरल्या आहेत. पीट पॉसलथ्वेट हा नट इथल्याच जुन्या इमारतीत घडला, आणि चेहराही त्याचा अशाच रस्त्यावरच्या माणसाचा. वर आलेली गालांची हाडं, आत गेलेले गाल, राकट नाक. नायकाचं असं त्यात काहीच नाही.

तुमच्यापैकी अनेकांनी त्याला 'ज्युरासिक पार्क'च्या दुसऱ्या भागातला शिकारी म्हणून किंवा 'इन्सेप्शन'मधला मरणशय्येवरचा उद्योगपती म्हणून पाहिलंय. नाव मात्र ठाऊक नसेल. त्याचं खरं काम पाहायचं तर हॉलिवूड सोडून ब्रिटिश सिनेमांकडे वळायला हवं.

जन्म १९४६चा, वॉरिंग्टनचा. लिव्हरपूल आणि मँचेस्टरच्या मधलं हे कारखान्यांचं गाव. आधी तो शिक्षक झाला, मग ब्रिस्टलला अभिनय शिकला. सत्तरच्या दशकात एव्हरीमनमध्ये जुली वॉल्टर्स, बिल नाय, जोनाथन प्राइस हे पुढे गाजलेले नट त्याचे सोबती होते. सिनेमात नाव व्हायला मात्र चाळिशी उलटावी लागली.

ते झालं दिग्दर्शक टेरेन्स डेव्हिसच्या १९८८च्या 'डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ज'मुळे. त्यात तो लिव्हरपूलच्या एका कामगार घरातला मारकुटा बाप आहे. नाताळच्या आदल्या रात्री तो झोपलेल्या मुलांकडे इतक्या मायेनं बघतो की आपणही विरघळतो. आणि नाताळच्या जेवणाच्या टेबलावर? मुलं गप्प बसलेली असताना तो टेबलक्लॉथ मुठीत धरतो आणि ताटंवाट्यांसकट सगळं खाली ओढतो. बायकोला ओरडून सांगतो, आवर हे. दोन्ही वेळा माणूस तोच वाटतो, हे मला फार मोठं वाटतं.

पुढे १९९३च्या 'इन द नेम ऑफ द फादर'मध्ये त्यानं नेमका उलटा बाप केला. इंग्लंडमधल्या गिल्डफर्डच्या १९७४च्या बॉम्बस्फोटांच्या तपासात निरपराध अडकलेला, कैदेतच मरण पावलेला जुझेप्पे कॉनलन. आजारी, हळू बोलणारा, पण मुलासमोर न वाकणारा. या भूमिकेसाठी त्याला ऑस्करचं नामांकन मिळालं.

माझा जीव मात्र 'ब्रास्ड ऑफ'वर (१९९६). यॉर्कशायरमधली कोळसा खाण बंद पडायला आलीय आणि पॉसलथ्वेटचा बँडमास्तर डॅनी खाणकामगारांचा बँड टिकवायला धडपडतोय. छातीत कोळशाची धूळ साठलेली. तो इस्पितळात असताना पोरं रात्री बाहेर उभी राहून, हेल्मेटवरचे दिवे लावून त्याच्यासाठी वाजवतात. मी लालबागमध्ये वाढले. १९८२च्या संपानंतर घरी बसलेली माणसं मी पाहिली आहेत, त्यामुळे तो प्रसंग मला कोरड्या डोळ्यांनी बघवत नाही. शेवटी आल्बर्ट हॉलमध्ये डॅनी जिंकलेला करंडक नाकारतो आणि खाणी बंद करणाऱ्या सरकारला भर सभागृहात सुनावतो. तिथं पॉसलथ्वेट आवाज फार चढवत नाही. चेहरा पांढराफटक, श्वास अपुरा, आणि शब्द एकेक करून येतात.

हाच माणूस २००९ मध्ये 'द एज ऑफ स्टुपिड' या हवामानबदलावरच्या चित्रपटात दिसला. किंग्जनॉर्थला कोळशावरचं नवं वीजकेंद्र मंजूर केलंत तर माझा ओबीई हा ब्रिटिश राजसन्मान परत करीन, असं त्यानं सरकारला जाहीरपणे बजावलं. मला यात विसंगती दिसत नाही. खाणकामगारांची बाजू घेणं वेगळं आणि कोळशाची बाजू घेणं वेगळं.

हॉलिवूडमध्ये नाव झाल्यावरही २००८ साली तो शेक्सपिअरचा किंग लिअर करायला पुन्हा एव्हरीमनमध्येच आला. २ जानेवारी २०११ला, ६४व्या वर्षी कर्करोगानं गेला.

पाहायचं ठरवलंत तर 'ब्रास्ड ऑफ'पासून सुरुवात करा. बोली यॉर्कशायरची आहे, सबटायटल्स लावायला संकोच करू नका. दोन्ही बाप त्यानंतर, आणि शक्यतो लागोपाठच्या रात्री पाहा.