तुम्ही विचारलंत म्हणून: रोमच्या ढिगाऱ्यातलं कुठलं काय, हे कळलं कसं?

"मॅडम, हे शनीचं देऊळ, ते व्हेस्पाशियन बादशहाचं, पलीकडे ती बासिलिका... हे यांना कळलं कुठून? की अंदाजपंचे पाट्या ठोकून दिल्यात?"

मी मराठी ग्रुप घेऊन इटलीला जाते. रोमन फोरममध्ये, म्हणजे प्राचीन रोमच्या मुख्य चौकात, पोचलं की हा प्रश्न हटकून येतो, आणि बहुधा एखाद्या निवृत्त इंजिनिअर काकांकडून येतो. तिथे माहिती सांगायचं काम परवानाधारक स्थानिक गाईडचं. मी टूर मॅनेजर, मी माणसं मोजायची आणि पाण्याचा नळ कुठे आहे ते दाखवायचं. त्यामुळे माझं उत्तर बसमध्ये सुरू होतं आणि रात्री जेवायला जैन मिळेल का, या चर्चेत वाहून जातं. म्हणून आज सविस्तर.

काका, तुमची शंका रास्त आहे. ही नावं कित्येक शतकं चुकीचीच चालली होती. आठ खांबांचं जे शनीचं, म्हणजे सॅटर्नचं देऊळ, त्याला जुने जाणकार कॉन्कॉर्डिया देवीचं समजत. मॅक्सेन्टियस बादशहाची ती प्रचंड कमानींची बासिलिका, म्हणजे सार्वजनिक सभागृह, 'शांतीचं मंदिर' म्हणून खपली. अंतोनिओ निब्बी नावाच्या अभ्यासकाने ती ओळख खोडून काढली, तेव्हा एकोणिसावं शतक उजाडलं होतं. चूक होणं साहजिकच होतं. मधल्या काळात फोरम गाळामातीखाली गेला होता, वर गुरं चरायची. लोक त्या जागेला 'काम्पो वाच्चिनो', गाईंचं कुरण, असंच म्हणत. जे संगमरवर वर उघडं होतं ते फोडून चुन्याच्या भट्टीत जायचं, कारण नव्या इमारतींना चुना लागायचा.

अशा रोममध्ये पंधराव्या शतकात एक प्राध्यापक आला, पोम्पोनिओ लेतो. मूळचा दक्षिणेकडचा, सालेर्नोच्या सान्सेव्हेरिनो या बड्या सरदार घराण्यातला, पण अनौरस. पुढे त्याचं नाव झालं, तेव्हा घरच्यांनी परत ये म्हणून निरोप धाडला. त्याने लॅटिनमध्ये पाठवलेलं उत्तर प्रसिद्ध आहे. आपल्या पत्रांच्या थाटात सांगायचं तर: 'पोम्पोनिओचा भाऊबंदांस नमस्कार. आपण मागता ते होणे नाही. कळावे.' बस, एवढंच पत्र. मला हा माणूस इथेच आवडला.

लेतोच्या क्विरिनाल टेकडीवरच्या घरी शिलालेख गोळा केलेले होते आणि त्याच्याभोवती मित्र आणि विद्यार्थी जमायचे. हीच रोमन अकादमी. घटना नाही, वर्गणी नाही, पावतीपुस्तक नाही. प्रत्येकाने एक जुनं लॅटिन नाव घ्यायचं, प्लाउटस या प्राचीन रोमन नाटककाराची नाटकं बसवायची, आणि अवशेषांतून हिंडायचं. या हिंडण्यात नवी गोष्ट होती. हातात जुना ग्रंथ, समोर भिंत, आणि भिंतीवर अक्षरं असतील तर ती उतरवून घ्यायची. ग्रंथ काय म्हणतो आणि दगड काय म्हणतो, हे एकमेकांसमोर ठेवायचं. आल्प्सपलीकडून आलेल्या कुणा पाहुण्याला लेतो चालता चालता अवशेष दाखवत होता, तेव्हा टिपलेली टिपणं आजही आहेत. म्हणजे आमच्या धंद्याचा तो मूळपुरुषच. फक्त त्याला परवाना लागत नव्हता.

परवान्याऐवजी त्याला तुरुंग मिळाला. १४६८ च्या फेब्रुवारीअखेर पोप दुसरे पॉल यांनी या मंडळींची धरपकड केली. आरोप मोठे होते: पोपच्या खुनाचा कट, ख्रिस्ती धर्म सोडून जुन्या देवांची भक्ती, शिवाय अनैतिक वर्तन. लेतो तेव्हा व्हेनिसला होता, त्याला तिथून धरून आणलं. सगळ्यांची रवानगी कास्तेल सांत'आंजेलोत झाली. हाच तो गोल किल्ला, ज्याच्या पुलावर देवदूतांच्या पुतळ्यांसोबत तुम्ही सेल्फी काढता. (तेव्हा ते देवदूत नव्हते, ते दोनशे वर्षांनी आले.) प्लातिना नावाच्या सदस्याचा छळही झाला. गंमत म्हणजे हा पोप स्वतः जुनी नाणी आणि कोरीव रत्नं जमवणारा. पण त्याने दरबारातल्या लेखनिकांच्या नोकऱ्या काढून घेतल्या होत्या आणि प्लातिना त्यातलाच एक होता. त्यामुळे दोन्हीकडे राग होताच. कट काही सिद्ध झाला नाही आणि मंडळी सुटली. पुढे प्लातिनाने पोपांची चरित्रं लिहिली आणि त्यात दुसऱ्या पॉलची यथेच्छ हजेरी घेतली. त्याच्यानंतरच्या पोपने, चौथ्या सिक्स्टसने, याच प्लातिनाला व्हॅटिकन ग्रंथालयाचा प्रमुख केलं आणि अकादमीलाही पुन्हा उभी राहू दिलं, मात्र धार्मिक मंडळ म्हणून. १४८३ पासून ही मंडळी २१ एप्रिलला रोम शहराचा वाढदिवस साजरा करू लागली. रोममध्ये तो दिवस आजही मिरवणुकांनी साजरा होतो. एप्रिलच्या बुकिंगला मी तो आवर्जून सुचवते.

आता कट खरा होता का? याचा एक पुरावा चारशे वर्षांनी जमिनीखाली सापडला. एकोणिसाव्या शतकात जोव्हान्नी बात्तिस्ता दे रोस्सी हा विद्वान कॅटाकोम्ब, म्हणजे प्राचीन ख्रिस्ती लोकांची भुयारी दफनस्थळं, धुंडाळत होता. त्याला भिंतींवर लेतोच्या मंडळींची नावं खरडलेली दिसली. १४७५ सालच्या एका खरडीत ते स्वतःला 'एकदिलाने प्राचीनतेचा शोध घेणारे' म्हणवतात आणि वर लेतोला चक्क 'पोन्तिफेक्स माक्सिमुस', महापुरोहित, करून टाकतात. ही पदवी पोपची! बरं, हे तुरुंगातून सुटल्यावरचं. याला कट म्हणावं की पोरखेळ, यावर अभ्यासकांत वाद आहे. माझं मत विचाराल तर पोरखेळच. खोलवर अंधारात मशाली घेऊन उतरलेली पोरं असलंच काही लिहिणार. गडावर नाव कोरणाऱ्यांना आपण शिव्या घालतो, त्या मात्र यांनाही लागू आहेत.

१५२७ मध्ये सम्राट पाचव्या चार्ल्सच्या सैन्याने रोम लुटलं, तोवर ही जुनी अकादमी मावळली होती. पुढे १७४० मध्ये पोप चौदावे बेनेडिक्ट यांनी पुरातत्त्वासाठी एक अकादमी काढली. मग १८१० मध्ये, रोम नेपोलियनच्या ताब्यात असताना, ती नव्याने उभी राहिली, आणि पोप आठवे पायस यांनी तिला 'पोंटिफिकल' ही पदवी दिली. आपल्या पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ १९१० चं, म्हणजे बरोबर शंभर वर्षांनी धाकटं. रोमची ही अकादमी आजही व्याख्यानं ठेवते, निबंध छापते. मघाचा निब्बी तिचा सदस्य, दे रोस्सीही तिच्यातला. आणि जिला पूर्वी तुरुंगाच्या लायकीचं मानलं, त्या लेतोच्या टोळीला ही पोपची अकादमी आपले पूर्वज मानते.

पण काका, तुमचा प्रश्न अजून शिल्लक आहे: कळलं कसं? तर फोरमच्या कॅपिटॉल टेकडीकडच्या टोकाला तीन उंच खांब उभे आहेत. वरच्या पट्टीकडे नीट बघा, 'एस्तितुएर' एवढीच अक्षरं उरली आहेत, 'जीर्णोद्धार केला' या अर्थाच्या लॅटिन शब्दाचा तुकडा. मागची पुढची गेली. मात्र हजार-बाराशे वर्षांपूर्वी, पट्टी शाबूत असताना, कुणीतरी तो अख्खा लेख उतरवून घेतला होता आणि ती नक्कल स्वित्झर्लंडमधल्या आइनसीडेल्नच्या मठात राहिली. त्यात म्हटलंय की सेव्हेरस बादशहा आणि त्याच्या मुलाने दिव्य व्हेस्पाशियनच्या मंदिराचा जीर्णोद्धार केला. तरीही लोक कितीतरी काळ हे खांब गडगडाट करणाऱ्या ज्युपिटरच्या देवळाचे मानत होते.

आणि मध्यावर एकटा उभा असलेला तो खांब, साधारण साडेतेरा मीटरचा. त्याचा पाया मातीत, त्यामुळे तो कुणाचा यावर नुसते तर्क चालत. १८१३ मध्ये पाया उकरला तेव्हा लेख निघाला, पण ज्या बादशहासाठी खांब उभारला त्याचं नाव छिन्नीने काढून टाकलेलं. तो पदच्युत झाल्यावर कुणीतरी इमानेइतबारे हे काम केलं असणार. मात्र खांब उभारणाऱ्या स्मराग्दुस या अधिकाऱ्याचं नाव तसंच राहिलं, तारीखही राहिली, आणि ती तारीख ६०८ सालातली निघाली. तेव्हा गादीवर फोकास होता. त्या पाटीवर मात्र बिनधास्त विश्वास ठेवा.