राजासोरसचे हात

आमचा धंदा मूर्ती आणि पुतळ्यांचा. कोल्हापूरच्या बापट कँपात गणपतीची घाई संपली की फायबरची कामं येतात: हत्ती, गवे, बैलजोडी, हॉटेलच्या गेटवर उभा करायचा पैलवान. गेल्या दिवाळीनंतर पन्हाळा रोडवरच्या एका कृषी पर्यटनवाल्या मालकांनी डायनासोर सांगितला. सिनेमातला नको, आपल्या देशातला पाहिजे, एवढीच अट. म्हणून राजासोरस ठरला.

नेटवरची चित्रं बघून डोकं फिरायची वेळ आली. एकात कपाळावर एक शिंग, दुसऱ्यात दोन. बडोद्याला एक काम पोचवायचं होतं, तिथनं तसाच पुढं बालासिनोरजवळच्या रैयोलीला गेलो. कुंपण घातलेलं माळरान आहे. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या लोकांना तिथं हाडं आणि अंडी सापडली. गाईडनं एका खडकावर बाटलीतलं पाणी ओतलं, तशी करड्या दगडातनं अंड्याची गोल कड उठून दिसली. शेजारी २०१९ साली संग्रहालय झालंय. लोक सांगाड्यापुढं फोटो काढत होते, मी वहीत मापं उतरवत होतो.

तिथं एक गोष्ट पक्की कळली. २००३ साली शास्त्रज्ञांनी या जनावराचं नाव ठेवलं, पण अख्खा सांगाडा काही मिळालेला नाही. कवटीचा मेंदूकडचा भाग, मणके, कंबरेची, मागच्या पायांची आणि शेपटीची हाडं, एवढंच. कपाळावर बुटकं, बोथट असं एकच शिंग. पुढचे हात नाहीतच. मग करायचं काय? मादागास्करचा माजुंगासोरस याचा जवळचा भाऊबंद, त्याचे हात मिळालेत. भारत आणि मादागास्कर सुमारे ८ कोटी ८० लाख वर्षांपूर्वीपर्यंत एकाला एक चिकटून होते, त्यामुळं हा आधार घ्यायला हरकत नव्हती. कोपरापुढचा हात अगदीच तोकडा, बोटं चार, तीही खुंटासारखी. तसेच केले.

मातीकाम पुरं झालं आणि साचा काढायच्या आदल्या दिवशी मालक पसंतीला आले. बरोबर त्यांच्या वडिलांचे मित्र, भूगर्भशास्त्र शिकवून निवृत्त झालेले सर. सार्वजनिक ठिकाणच्या पुतळ्याच्या मातीच्या नमुन्याला कला संचालनालयाची मंजुरी लागते; कमिट्या मिशीच्या वळणावरनं तासतासभर भांडलेल्या मी बघितल्यात. डायनासोरला कुणाची मंजुरी लागत नाही. त्या दिवशी मात्र लागली.

ओली पोती बाजूला केली. मालकांनी एक फेरी मारली आणि थांबले.

"दादा, हे काय ओ? हात करायचं इसरलासा काय?"

"केल्यात की. हे काय."

"असलं? लोक हसतील ओ. जरा नख्या-बिख्या काढा, लांब करा."

मी वही पुढं केली. सर चष्मा कपाळावर चढवून वाचत बसले, मग म्हणाले, "बरोबर केलंय यांनी. लांब हात केलात तर हा राजासोरस राहणार नाही."

मालक गप्प झाले, पण मग लांबीवर आले. त्यांना तीस फूट पाहिजे होता. सुरुवातीला अंदाज तेवढाच होता. अलीकडचा अंदाज साडेसहा मीटरच्या थोडा पुढचा, म्हणजे बावीस फुटांच्या आत. मी बावीसचा बांधला होता. आठ फुटांचा फायबरचा माल, रेझिन आणि मॅट, वाचला हे सांगितल्यावर तो विषय तिथंच मिटला.

खरी अडचण फलकाची निघाली. 'याच मातीत डायनासोर फिरत होते' असा मजकूर मालकांनी छापायला टाकला होता. सर म्हणाले, हे काढा. आपल्याकडचा काळा पाषाण म्हणजे थिजलेला लाव्हा. या थरांत पन्हाळ्याच्या नावाचाच एक थर आहे, आणि तो लाव्हाच्या अगदी वरच्या, म्हणजे उशिराच्या थरांपैकी. डायनासोर संपले सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी, आणि अलीकडच्या कालमापनानुसार हा थर त्यानंतरचा. रैयोलीची हाडं तर लाव्हाच्याही खालच्या गाळात आहेत.

"म्हणजे आमच्या रानात ह्याचा काय संबंध न्हाई?" मालकांचा चेहरा पडला.

"तुमचं रान तयार झालं तेव्हा हा गेलेला होता," सर म्हणाले.

मला वाटलं, आता ऑर्डर जाते. वीस-बावीस फुटांचा मातीचा ढीग कारखान्यात, आडवान्स पोरांच्या पगारात गेलेला. मालक चहा येईपर्यंत बोलले नाहीत. मग म्हणाले, "तेच लिवा सर. हे जनावर मेल्यावर आमचं रान झालं, असं. पोरं वाचतील तरी."

मजकूर सरांनीच लिहून दिला. त्यात हात माजुंगासोरसवरनं बेतलेत, हे वाक्य मी घालायला लावलं.

राहता राहिला रंग. मालकांना हिरवा हवा होता, गडद, पाठीवर पट्टे. सरांनी खांदे उडवले. हाडं रंगाबद्दल काही सांगत नाहीत, तेव्हा तिथं पैसे देणाऱ्याचं ऐकायला माझी ना नव्हती. पट्टे मात्र मी पिवळ्याऐवजी मातकट केले.