तुम्ही विचारलंत म्हणून सांगते, आमच्या गेममध्ये अनोळखी कोणी नसतं

सोसायटीच्या लिफ्टमध्ये, भिशीला, एकदा तर चक्क डेंटिस्टकडे नंबर यायची वाट बघताना, प्रश्न तोच. "तुम्ही ऑनलाइन गेम खेळता ना, मग ती कोण कुठली लोकं मधे घुसतात, घाण घाण बोलतात, त्याचं काय करता?" विचारणाऱ्याच्या डोक्यात दोन गोष्टी असतात, एक म्हणजे ह्या वयात हे काय, आणि दुसरी म्हणजे आमच्या पोराचं काय करू. पहिल्याचं उत्तर मी देत नाही. ४४ वर्षांची आहे, पुण्यात सिंहगड रोडला राहते, दिवसभर लोकांच्या जीएसटीच्या भानगडी निस्तरते, आणि शुक्रवारी रात्री साडेनऊला साताऱ्याहून धाकटी बहीण, नांदेडचा भाचा (आमच्या इथली नांदेड सिटी ही वसाहत नाही हो, खरं नांदेड) आणि बाणेरहून कॉलेजची मैत्रीण असे आम्ही चौघं गेममध्ये भेटतो. बाणेरवाली एरवी वर्षातून दोनदा भेटते कारण ट्रॅफिक.

आता दुसऱ्या प्रश्नाचं.

सुरुवात २०२० च्या लॉकडाऊनमध्ये ल्युडो किंगनं झाली, तुमच्याकडेही तसंच झालं असणार. नवी मुंबईच्या कंपनीचा गेम, २०१६ पासून होता, पण आमच्या घरात शिरला तो तेव्हा. रूमचा कोड फॅमिली ग्रुपवर टाकायचा की काका, आत्या, सासूबाई सगळे आत. मला वाटलं ऑनलाइन म्हणजे असंच असतं, ज्याला कोड दिला तोच येणार. मग तेव्हाच्या ऑफिसमधल्या पोरांनी अमंग अस शिकवला, त्यातही सहा अक्षरांचा कोड, पण रूम पब्लिक करायचं एक बटण असतं आणि ते मी दाबलं. कशासाठी दाबलं विचारू नका, दिसलं म्हणून दाबलं. बघता बघता चार जण आत, आणि चॅटमध्ये रोमन लिपीत हिंदी शिव्या. सासूबाई शेजारी चष्मा लावून बसलेल्या, त्यांना वाटलं गेमचा काही मेसेज आला, आणि त्या अक्षराला अक्षर जुळवत मोठ्यांदा वाचायला लागल्या. अर्ध्यात त्यांना कळलं आपण काय वाचतोय. चष्मा काढून ठेवला आणि उठून देवघरात गेल्या, त्यानंतर आमच्यात त्या विषयावर आजतागायत एक शब्द झालेला नाही.

पण हे गमतीचं झालं. खरं लागलं ते माइनक्राफ्टमध्ये, म्हणजे ठोकळे रचून हवं ते बांधायच्या गेममध्ये.

माझ्या आजोबांचा कसब्यात वाडा होता. म्हणजे आजोबांचा कसला, भाड्याच्या दोन खोल्या, पण आम्ही आजोबांचा वाडाच म्हणायचो. तो पडला, तिथे बिल्डिंग झाली, खाली चपलांचं दुकान आहे आता. तर भाच्यानं मला माइनक्राफ्ट शिकवल्यावर मी घर बांधायच्या ऐवजी तो वाडाच बांधायला घेतला. तीन महिने. चौक, मधे हौद, लाकडाचे खांब (त्यात सागवान नसतं, डार्क ओक वापरलं), अंधारा जिना, आणि पुढे मोठा दरवाजा. दिंडी काही जमली नाही, गेममध्ये दाराच्या पोटात दार बसत नाही, मग शेजारी एक छोटं दार काढलं आणि त्यालाच दिंडी म्हणायचं ठरवलं. बहीण लॉगिन झाली की आधी हौदावर जाऊन बसायची, लहानपणी बसायची तशी.

एका सकाळी उघडलं तर वाड्याच्या जागी खड्डा. टीएनटी लावून उडवलेला, उरलेल्यावर लाव्हा ओतलेला, आणि खड्ड्याच्या काठावर पाटी लावून शिवी लिहून ठेवलेली. ह्याला गेमच्या भाषेत ग्रीफिंग म्हणतात, म्हणजे जिंकायचं नाही, काही मिळवायचं नाही, समोरच्याला त्रास झाला की ह्यांची मजा झाली. मी रडले हे कबूल करते. नवरा म्हणाला, अगं गेम आहे. त्याला काय सांगणार.

झालं होतं असं की भाच्यानं महिन्याच्या भाड्यानं सर्व्हर घेतलेला, म्हणजे आमचं गेममधलं जग ज्यावर चालतं तो कॉम्प्युटर, त्याचा पत्ता वर्गातल्या एकाला दिला, त्यानं तो वर्गाच्या ग्रुपवर टाकला, तिथून पुढे कुठे कुठे गेला देव जाणे. आणि अहो, टाकला नसता तरी फार फरक पडला नसता. माइनक्राफ्टचा सर्व्हर न बदलल्यास २५५६५ ह्या पोर्टवर, म्हणजे त्या नंबरच्या दारावर असतो, हे जगाला माहिती आहे, आणि लोकं प्रोग्रॅम लावून अख्खं इंटरनेट धुंडाळतात की कुठे कुठे हा पोर्ट उघडा आहे. दुपारी पेठांमधून फिरत कुठल्या घराला कुलूप आहे ते बघणाऱ्या चोरासारखं, फक्त इथे त्याला चालावं लागत नाही. म्हणजे आपल्याला कोण ओळखतंय, आपल्याकडे कोण येणार, हा विचारच चुकीचा. त्याला तुम्ही नकोच आहात, उघडं दार पाहिजे.

मग व्हाइटलिस्ट लावली. सर्व्हरच्या सेटिंगच्या फाइलमध्ये व्हाइटलिस्ट चालू करायची आणि एकेक नाव यादीत घालायचं, यादीत नाही त्याला आत पाऊल टाकता येत नाही, तू यादीत नाहीस एवढाच निरोप मिळतो. मला फार आवडलं हे. वाड्याचा मोठा दरवाजा बंदच असायचा, ये-जा दिंडीतून, वाकून, एका वेळी एक, आणि आतल्या माणसाला कळायचं कोण आलंय ते. भाच्याकडे बारा दिवस जुना बॅकअप होता, त्यावरून वाडा परत उभा केला, जिना तेवढा पुन्हा बांधला.

आणि दोन आठवड्यांनी परत कोणीतरी आत! ह्या वेळी मी लॉग, म्हणजे सर्व्हरनं ठेवलेली नोंदवही, उघडून बघितला तर रात्री दोन वाजून दहा मिनिटांनी आमचा भाचाच आलेला दिसतोय. ताईला फोन केला, ती म्हणाली तो तर दहालाच झोपला, तापानं फणफणलाय. ह्या गोष्टीत शिकण्यासारखं आहे म्हणून सांगते. भाच्याच्या दोन मित्रांकडे गेमची फुकटातली कॉपी होती, विकतचं अकाउंट नव्हतं, त्यांना येता यावं म्हणून ह्यानं ऑनलाइन-मोड नावाचं सेटिंग बंद ठेवलेलं. ते चालू असलं की सर्व्हर तुमचं अकाउंट खरं आहे का हे कंपनीकडून तपासून घेतो. बंद असलं की तुम्ही जे नाव सांगाल ते खरं. म्हणजे वॉचमनकडे यादी आहे पण ओळखपत्र बघायचं नाही असं सांगून ठेवलंय, कोणीही येऊन म्हणावं मी दुसऱ्या मजल्यावरचा जोशी आणि ह्यानं सलाम ठोकावा. त्यात भाचा ॲडमिन, त्यामुळे त्याचं नाव घेऊन आलेला आपोआप ॲडमिन! नशीब, त्याला ते कळलं नसावं, चार कोंबड्या मारून गेला.

तेव्हापासून ऑनलाइन-मोड चालू. ते दोन मित्र गळाले, थोडं वाईट वाटलं. दुसरं, लॉगमध्ये कोण कधी आलं हे मी रविवारी नजरेखालून घालते, आणि जगाच्या फोल्डरची कॉपी पेनड्राइव्हवर. पाच मिनिटांचं काम आहे, वह्या टॅली करायची सवय असलेल्या बाईला काहीच नाही.

पुढे मी भाड्याचा सर्व्हर सोडला आणि घरातल्या जुन्या लॅपटॉपवर आणला, आणि इथे एक विनोद झाला. फायबरवाल्या पोराला म्हटलं, बाहेरून आत येता यावं म्हणून पोर्ट उघडून दे. तो म्हणाला, मॅडम, तुमचा पब्लिक आयपीच नाही. म्हणजे शेकडो घरांना मिळून बाहेर एकच पत्ता असतो, आतून बाहेर जाता येतं पण बाहेरून कोणी तुमच्या फ्लॅटपर्यंत पोचू शकत नाही, वेगळा पत्ता हवा तर जास्तीचे पैसे. आधी चिडले, मग लक्षात आलं की मला हेच तर हवंय! टेलस्केल नावाचं एक ॲप आहे, चौघींच्या, म्हणजे भाचा धरून चौघांच्या, कॉम्प्युटरवर टाकलं की ते सगळे जणू एकाच घरातल्या वायफायवर असल्यासारखे एकमेकांना दिसतात, आणि बाकी जगाला आमचा सर्व्हर दिसतच नाही. व्हाइटलिस्ट तरीही ठेवलीय. एकच अडचण, गुरुवारी लाइट जाते तेव्हा राउटर बंद, पण आम्ही शुक्रवारी खेळतो.

एवढं सगळं करायचं नसेल आणि मुलं लहान असतील तर रेल्म्स घ्या, माइनक्राफ्टच्या कंपनीचाच भाड्याचा सर्व्हर आहे, मालक आणि वर एका वेळी दहा जण, बोलावल्याशिवाय कोणी येत नाही. फक्त फोनवरचं माइनक्राफ्ट म्हणजे बेडरॉक आणि आम्ही कॉम्प्युटरवर खेळतो ते जावा ही दोन वेगळी प्रकरणं आहेत, सरळ एकत्र खेळता येत नाहीत, हे विकत घ्यायच्या आधी बघा, मी नंतर बघितलं.

बहिणीला मारामारी, अंधार, झॉम्बी काही नको असतं, तिच्यासाठी आम्ही स्टारड्यू व्हॅली खेळतो. शेती. त्यात फक्त मित्र किंवा फक्त बोलावलेले असं ठेवता येतं, आणि सुरुवातीलाच विचारतात की पैसे एकत्र की वेगवेगळे. बहीण म्हणाली एकत्र. आठव्या दिवशी तिनं सगळ्या पैशाची बियाणी घेतली, मला कोंबड्यांचा खुराडा बांधायचा होता. अनोळखी माणसाचं सोडा, सख्ख्या बहिणीपासून कसं वाचायचं ते त्या गेममध्ये नाही.

सगळ्याच गेममध्ये असं दार लावायची सोय नसते किंवा उशिरा येते. मामेभाऊ जीटीए ऑनलाइन खेळायचा, त्यात इन्व्हाइट ओन्ली सेशन, म्हणजे फक्त बोलावलेल्यांचा खेळ, होतं, पण गेममधल्या धंद्याचा माल विकायचा तर कोणीही येऊ शकेल अशा पब्लिक सेशनमध्येच, म्हणजे तासभर राबून भरलेला ट्रक कोणीतरी उडत्या बाइकवरून येऊन उडवणार. मग हे लोक काय करायचे, विंडोजमधून गेम दहा सेकंद गोठवायचा, बाकीच्यांशी कनेक्शन तुटतं आणि पब्लिक सेशनमध्ये तुम्ही एकटे उरता. जुलै २०२२ च्या अपडेटमध्ये इन्व्हाइट ओन्लीमध्येही माल विकता यायला लागला. इतकी वर्षं लोकं माल धड गिऱ्हाइकापर्यंत पोचावा म्हणून गेम गोठवत बसलेली, ह्यात मला हसावं की रडावं कळत नाही.

आणि तुमचा मुलगा बीजीएमआय, म्हणजे पबजीचा भारतातला अवतार, खेळतो हे मला माहितीये, सगळ्यांचाच खेळतो. त्यात शंभर लोकांची मॅच असते, ती अनोळखीच असणार, त्याला इलाज नाही. पण ऑटोमॅचिंगची टिक काढली की टीममध्ये परका भरला जात नाही, मग चौघांच्या जागी तिघंच उतरतील, हरतील, हरू दे. आवाज फक्त टीमचा ठेवायचा, सगळ्यांचा नाही. १८ च्या खालच्यांना त्यात दिवसाला तीन तासांची मर्यादा आहे, पण ती वय खरं सांगितलं तर, तेव्हा अकाउंट कोणाच्या नावावर काढलंय ते आधी विचारा. बहुतेक तुमच्याच.

मी स्वतः एका शूटिंगच्या गेममध्ये दोनदा अनोळखी टीममध्ये माइक चालू केला होता. बाईचा आवाज ऐकल्यावर आधी जरा शांतता, आणि मग जे सुरू होतं ते सुरू होतं. त्यावर मी जास्त लिहिणार नाही. तिसऱ्यांदा चालू केला नाही. आता बोलणं फक्त डिस्कॉर्ड नावाच्या ॲपवरच्या आमच्या ग्रुपमध्ये, आणि त्याची इन्व्हाइट लिंकही एकदाच वापरता येईल अशी करून देते, नाहीतर ती लिंक पण वर्गाच्या ग्रुपवर.

आता जी गोष्ट कोणी विचारत नाही ती. सगळ्यात अवघड माणूस अनोळखी नव्हताच. बाणेरवालीच्या ऑफिसमधला एक जण, चांगला शिकलेला, बोलायला गोड, तिनं शिफारस केली म्हणून मी यादीत घातला. शिव्या नाहीत, तोडफोड नाही, पण हा माणूस सगळ्यांना सतत शिकवायचा. तुमची चौकट चुकली, खांब असे नसतात, भाच्याला म्हणायचा तुला लॉजिक नाही, आणि बहिणीच्या पेटीतून वस्तू काढून म्हणायचा तुम्हाला कुठे लागत होतं. हळूहळू बहीण यायची बंद झाली, डोकं दुखतंय, पाहुणे आलेत. तीन शुक्रवार गेल्यावर मला उमगलं. त्याला काढायला एका ओळीची कमांड आहे, हो, आणि यादी सक्तीनं पाळायचं सेटिंग चालू नसेल तर आत असलेला माणूस नाव काढल्यावरही आतच राहतो, हेही तेव्हाच कळलं. कमांड टाइप करून मी महिनाभर एंटर दाबला नाही. मैत्रिणीला काय वाटेल! शेवटी तिला फोन करून सांगितलं, तर ती म्हणाली, बाई गं, मी तर तू कधी काढतेस ह्याचीच वाट बघत होते, ऑफिसात पण तो असाच आहे.

तेव्हापासून नियम केला की नाव यादीत घालायच्या आधी त्या माणसानं एकदा घरी चहाला यायचं, लांबचा असेल तर व्हिडिओ कॉल. लोकं हसतात, गेमसाठी कांदेपोहे का म्हणतात. हसू देत. भाचा यंदा इंजिनिअरिंगला पुण्यात आलाय, हॉस्टेलला राहतो, तिथल्या रूममेटला आपल्यात घ्यायचं म्हणून मागे लागलाय, मावशी तो फार भारी बांधतो, त्यानं अख्खा रायगड बांधलाय. रविवारी दोघं येतायत जेवायला. त्याचं युजरनेम मी अजून विचारलेलं नाही.