तुम्ही विचारलंत म्हणून: वोल्फगांग कीलिंगच का?

जर्मन शिकवते म्हटल्यावर आवडता नट विचारतात. मी वोल्फगांग कीलिंग म्हणते. पुढचा प्रश्न ठरलेला: "हाच का? हिचकॉकच्या 'टॉर्न कर्टन'मध्ये मरतो, तोच ना?"

हो, तोच. १९६६चा सिनेमा. पूर्व जर्मनीचा गुप्त पोलीस ग्रोमेक. शेतावरच्या घरात त्याला संपवायचंय, पण बाहेर टॅक्सीवाला उभा, गोळी झाडता येत नाही. घरातली बाई सुरी खुपसते, तर पातंच मोडतं. मग फावड्याने नडग्यांवर घाव. शेवटी ती आणि सिनेमाचा नायक पॉल न्यूमन त्याला फरपटत गॅसच्या ओव्हनपाशी नेतात, डोकं आत कोंबतात. पार्श्वसंगीत अजिबात नाही. न्यूमनच्या गळ्याला धरलेले त्याचे हात तेवढे दिसत राहतात. बोटं फडफडतात, मग सैल पडतात.

वर्गात हे दाखवलं तेव्हा फावड्याच्या घावाला एक मुलगा हसला. मी सिनेमा बंद केला. जर्मन माणूस, गॅस, आणि तुम्हाला हसू येतं? नको तेवढं बोलले. मुलगा पुढच्या तासाला आला नाही. तो त्या लांबत चाललेल्या धडपडीला हसला असेल, माणसाला नसेल. हे मला घरी आल्यावर सुचलं. पण बंद केलं ते चुकलं असं आजही वाटत नाही.

ग्रोमेक मेला की तुमच्यासाठी कीलिंग संपतो. सोव्हिएत कैदेतून १९४९ला सुटलेला, १९५६ साली पूर्व जर्मन दिग्दर्शक कॉनराड वोल्फच्या 'गेनेझुंग' सिनेमाचा नायक झालेला कीलिंग कुणी विचारत नाही. हॉलिवूडसाठी पूर्वेचा पोलीस रंगवला आणि दोनच वर्षांत, १९६८ला, पश्चिम जर्मनीच्या धोरणांचा निषेध म्हणून तो स्वतःच पूर्वेला राहायला गेला. १९७०ला परत आला. वोल्फच्याच 'गोया' या चित्रकारावरच्या सिनेमात स्पेनचा मंत्री गोदॉय झाला. पुढे मुलांच्या जर्मन 'सेसमी स्ट्रीट' मालिकेतल्या बर्ट या बाहुल्याला त्याचाच आवाज. माझे जर्मन स्वरांचे उच्चार त्या बर्टचं ऐकून ऐकून सुधारले, हे कारणही आहेच, नाकारत नाही.

"मग परत का आला?" यावर मी पूर्वी तावातावाने सांगायचे, सदसद्विवेक. जातानाचा आणि येतानाचाही. आता तो शब्द वापरत नाही, फार सोपा वाटतो. पण कुणी त्याला पळपुटा म्हटलं, तर अजूनही ऐकून घेणार नाही.