बोलायचंच नाही, तर लिहायचं काय?

फिल्म सोसायटीत मूकपट दाखवून झाला, की चहाच्या वेळी कुणीतरी हमखास गाठतं. "श्रेयनामावलीत पटकथाकाराचं नाव होतं हो. पण संवादच नाहीत, तर या माणसानं केलं काय?" परवा पुन्हा तुम्ही विचारलंत, म्हणून आता जरा सविस्तर सांगतो. सोबतीला घेतो लास्लो वॉयदा या मूकपटांच्या पटकथाकाराला. पोलंडचा दिग्दर्शक आंद्रेई वायदा वेगळा, हा हंगेरीचा. जन्म 1877, गाव एगेर.

थेट दृश्यच घेऊ. 'पँडोराज बॉक्स', 1929, दिग्दर्शक पाब्स्ट, पटकथा वॉयदाची. डॉ. श्योन हे शहरातलं बडं प्रस्थ. त्याला लुलू या आपल्या प्रेयसीपासून सुटका हवी आहे, म्हणून तो एका प्रतिष्ठित घराण्यातल्या मुलीशी लग्न ठरवतो. लुलूचा नाच असलेल्या कार्यक्रमाला तो या वाग्दत्त वधूलाच घेऊन येतो. विंगेत ही धावपळ, कपडेपट, पडदे, घामाघूम झालेला स्टेज मॅनेजर. लुलू त्या दोघांना बघते आणि नाचायला साफ नकार देते. श्योन तिला समजवायला सामानाच्या खोलीत नेतो. तिथे ती पालथी पडून पाय आपटत लहान पोरीसारखी रडते. तो आधी चिडतो, मग विरघळतो. नेमकं तेव्हाच दार उघडतं आणि दारात त्याची वाग्दत्त वधू आणि त्याचा मुलगा. लुलू मान वर करून बघते आणि हसते. जिंकल्याचं हसू. मग उठते आणि आरामात स्टेजवर नाचायला निघून जाते.

या सगळ्यात पडद्यावर संवाद लिहिलेल्या पाट्या किती येतात ते मोजा. आता कुणी कुठे उभं राहायचं, दार कोणत्या क्षणी उघडायचं, उघडल्यावर आधी कुणाला काय दिसायचं, हे कुणीतरी आधी कागदावर मांडलेलं असतं. मूकपटाचा लेखक हेच लिहितो. कोण काय म्हणालं हे सांगता येत नाही, तेव्हा कुणी काय पाहिलं याचा हिशेब चोख ठेवावा लागतो. पुढे श्योन आणि लुलूच्याच लग्नाच्या रात्रीचं दृश्यही तसंच. श्योन लुलूच्या हातात पिस्तूल कोंबतो, आपल्याला दिसते त्याची पाठ, आणि दोघांच्या मधून धुराची एक बारीक रेघ वर चढते. गोळी सुटली हे आपल्याला त्या धुरावरून कळतं. श्रेय पाब्स्टचं की वॉयदाचं, यावर मी भांडणार नाही. लुलू झालेल्या लुईस ब्रूक्सचा वाटा तर दोघांपेक्षाही मोठा असेल.

या सिनेमाचा मूळ मालमसाला म्हणजे जर्मन नाटककार फ्रँक वेडेकिंडची दोन नाटकं, दोन्ही संवादांनी ठासून भरलेली. त्यांचा एक मूकपट करायचा हे धाडसच होतं. 1929 साली बर्लिनच्या समीक्षकांनीही तुमचाच प्रश्न विचारला होता: वेडेकिंडचे शब्द काढून घेतल्यावर लुलूत उरलं काय? तेव्हा सिनेमाला थंडा प्रतिसाद मिळाला. त्याचं मोल कळायला पुढे काही दशकं जावी लागली.

वॉयदा मूळचा रंगभूमीवरचा माणूस. सिनेमात आला तो चाळिशीच्या आसपास, बुडापेस्टमध्ये. तेव्हा तिथे कोर्डा आणि कर्तेस हे दोन तरुण दिग्दर्शक जोरात होते. कोर्डाच्या कॉर्विन कंपनीसाठी त्यानं योकाई या हंगेरीच्या लाडक्या कादंबरीकाराच्या 'सोन्याचा माणूस' या कादंबरीची पटकथा केली. तो चित्रपट 1918 चा. हंगेरीचे बहुतेक मूकपट नष्ट झाले, हा त्यातून वाचला. मग आलं 1919. मार्च ते ऑगस्ट कम्युनिस्ट सरकार, त्यानं चित्रपटधंदा सरकारजमा केला. ते कोसळल्यावर धरपकड. कोर्डाला अटक झाली, सुटल्यावर तो व्हिएन्नाला गेला. कर्तेसही गेला, वॉयदाही.

व्हिएन्नात त्यानं कर्तेससाठी हजारो एक्स्ट्रांचे भव्य बायबलपट लिहिले: 1922 चा 'सोडोम अँड गोमोरा', 1924 चा 'मून ऑफ इस्रायल'. खरं सांगायचं तर मला दोन्ही अवजड वाटतात. पण दुसऱ्यामुळे वॉर्नर बंधूंची नजर कर्तेसवर गेली आणि तो हॉलिवुडात जाऊन मायकेल कर्टिझ झाला, पुढे 'कासाब्लांका' केला. कोर्डा लंडनमध्ये 'सर' झाला. लेखक मात्र बर्लिनला गेला आणि त्याला पाब्स्ट भेटला.

बोलपट आल्यावर त्याची गंमत बघा. 1931 मध्ये पाब्स्टच्या 'थ्री पेनी ऑपेरा'च्या तीन पटकथाकारांत तो होता. हो, तेच जर्मन नाटककार ब्रेख्तचं नाटक, जे पुलंनी 1978 मध्ये 'तीन पैशाचा तमाशा' म्हणून आपल्याकडे आणलं. सिनेमाच्या संहितेवरून ब्रेख्तनं निर्मात्यांना कोर्टात खेचलं, आणि दावा हरला. त्याच वर्षीचा 'कामेराडशाफ्ट' मला जास्त प्रिय. फ्रान्सच्या खाणीत स्फोट होतो, सीमेपलीकडचे जर्मन खाणकामगार मदतीला धावतात. फ्रेंच पात्रं फ्रेंच बोलतात, जर्मन जर्मन, आणि एकमेकांचं कुणाला धड कळत नाही. अडकलेल्या फ्रेंच कामगाराला गॅस मास्क घातलेला जर्मन दिसतो आणि भ्रमात त्याला वाटतं, महायुद्धातला शत्रू चालून आला. वाचवायला आलेल्या माणसावरच तो तुटून पडतो. बोलपट खरा, पण ही अक्कल मूकपटातली. पटकथेवर आणखी दोघांची नावं आहेत हेही सांगायला हवं.

मार्च 1933 मध्ये, हिटलर सत्तेवर येऊन जेमतेम सहा आठवडे झाले असताना, वॉयदा बर्लिनमध्ये वारला. वय 55. सिनेमातली कारकीर्द पंधरा-सोळा वर्षांचीच.

शोधायचा असेल तर जर्मन पद्धतीनं लाडिस्लाउस या नावानं शोधा. लाडिस्लाओ वॉयदा सापडला तर तो मुलगा. त्यानं स्पेनमध्ये 1955 साली 'मार्सेलिनो' केला आणि तो बापापेक्षा कितीतरी जास्त प्रसिद्ध आहे.